इताइपू : निम्मी वीज पॅराग्वेची, पण विकायची कुणाला?

दादरकर : ब्राझील-पॅराग्वेच्या सीमेवर पाराना नदीवर इताइपू धरण आहे. क्षमता १४,००० मेगावॉट, आपल्या कोयनेच्या सातपट. १९७३ च्या करारात वीज निम्मी-निम्मी ठरली, पण पॅराग्वेची उरलेली वीज जाणार ब्राझीललाच, तीही बाजारभावाने नाही. शेजारी अर्जेंटिना असून त्याला विकायची सोय नाही. त्यात या विजेपोटी पॅराग्वेला मिळणारा मोबदला तिप्पट करायचं ठरायला २००९ उजाडलं. विहीर सामायिक, मोटारीची किल्ली थोरल्याकडे! माझ्या मते ही सरळ लूट.

परळचा वायरमन : लूट कसली? धरण बांधायच्या कर्जाला हमी ब्राझीलची. पॅराग्वेने सुरुवातीचं भांडवल घातलं, तेही ब्राझीलच्याच बँकेकडून उसनं घेऊन. आणि तांत्रिक भानगड बघा. पॅराग्वेत वीज ५० हर्ट्झची, म्हणजे सेकंदाला ५० आवर्तनांची, ब्राझीलमध्ये ६० ची. म्हणून २० पैकी १० यंत्रं ५० ची. त्यातली उरलेली वीज ब्राझीलला तशी चालतच नाही. आधी डीसी, म्हणजे एकाच दिशेने वाहणारी करायची, साओ पाउलोकडे सुमारे ८०० किलोमीटर न्यायची, तिथे परत एसी, म्हणजे घरात येते तशी दिशा बदलणारी. हा खटाटोप कुणी केला?

दादरकर : खटाटोप केला, मान्य. पण कर्ज २०२३ मध्ये फिटलं. घर फिटल्यावरही सावकार ओटीवर बसून राहणार का?

पाटणची लेक : तुमचं चालू द्या वाटण्यांचं भांडण. १९८२ मध्ये जलाशय भरला तेव्हा ग्वाइराचे धबधबे दोन आठवड्यांत बुडाले. आवा-ग्वारानी आदिवासींच्या वस्त्या गेल्या. त्यांना ५० हर्ट्झ काय नि ६० काय! माझं आजोळ कोयनेत गेलं. पाणी उतरलं की मामा काठावरून बोट दाखवायचा, "त्या चिखलात आपला उंबरठा." दिसायचं काहीच नाही, तरी आम्ही मान डोलवायचो. वाटा मागायला तिथे निदान दोन देश होते. मामाच्या वतीने करारावर सही कुणी केली?

परळचा वायरमन : ताई, दुखणं खरं आहे. पण वीज नको का? हे तुम्ही घाटकोपरला पंख्याखाली बसूनच लिहिताय ना?

पाटणची लेक : गावी आलेय दादा. दुपारपासून लाइट नाही. मोबाइल ११ टक्क्यांवर आहे, बाकीचं उद्या लिहिते.