शब्दचर्चा: ‘तेढ’, ‘वैमनस्य’ आणि ‘द्वेष’ एकमेकांच्या जागी चालतील का?

एका प्रशिक्षणासाठी कायद्याची माहिती सोप्या मराठीत लिहिते आहे. ‘हेट स्पीच’ आणि ‘हेट क्राइम’पाशी अडले. वर्तमानपत्रांत कधी ‘प्रक्षोभक भाषण’ असतं, कधी ‘चिथावणीखोर वक्तव्य’, कधी ‘द्वेषमूलक भाषण’. शेवट मात्र ठरलेला: ‘दोन समाजांत तेढ निर्माण केल्याप्रकरणी गुन्हा दाखल.’ हे सगळे शब्द एकच मानायचे का?

*

ताई, माझ्या मते एकही दुसऱ्याच्या जागी चालणार नाही. त्यांच्यामागे येणारा प्रत्यय बघा. द्वेष कोणाचा तरी असतो. वैर कोणाशी तरी असतं. तेढ आणि वैमनस्य मात्र कोणाकोणात असतं. ‘तेढा’ म्हणजे वाकडा. ‘भावाभावांत वाकडं आलंय’ म्हणतो, त्यातलंच हे. वाकडं आलं म्हटलं की सुरुवात कोणी केली, सोसलं कोणी, हे सांगायची गरजच उरत नाही. द्वेष म्हटलं की ‘कोणी, कोणाचा?’ हे विचारावंच लागतं.

जुन्या दंड संहितेचं कलम 153-अ (1 जुलै 2024 पासून भारतीय न्याय संहितेचं कलम 196) धर्म, वंश, भाषा, जन्मस्थान अशा कारणांवरून गटागटांत शत्रुत्व वाढवण्याबद्दल आहे. 1997 मध्ये बिलाल अहमद कालू प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की, दुसऱ्या गटाचा संदर्भच नसेल आणि एकाच समाजाच्या भावना भडकवल्या असतील तर हे कलम लागत नाही. किमान दोन समाज हवेत. म्हणून त्या कलमापुरता ‘तेढ’ अगदी बरोबर आहे. ‘हेट स्पीच’ची व्याख्या न्याय संहितेत नाही, त्यामुळे वार्ताहर कलमाची भाषा उचलतात आणि मग प्रत्येक गोष्टीची ‘तेढ’ होते. वस्तीत शिरून एका बाजूने मारहाण झाली तरी ‘दोन गटांत तेढ’. हे मला फार खटकतं. मार खाणाऱ्याला आपण नकळत भांडणातला भागीदार करून टाकतो.

‘प्रक्षोभक’ तर वेगळंच. संपातलं भाषण प्रक्षोभक असू शकतं, त्यात कोणाचा द्वेष असेलच असं नाही. चिथावणी म्हणजे कृतीकडे ढकलणं. विधी आयोगाने 2017 च्या 267 व्या अहवालात द्वेषाला चिथावणी देणं आणि भीती किंवा हिंसा भडकेल असं बोलणं यांसाठी दोन स्वतंत्र कलमं सुचवली होती.

*

वरच्या मताला जोड देतो. माझं काम फिर्यादी आणि जबाब टंकायचं. ‘जातिवाचक शिवीगाळ केली’ हे वाक्य शेकड्याने टाइप केलं असेल. पण अ‍ॅट्रॉसिटीच्या (अनुसूचित जाती-जमाती अत्याचार प्रतिबंधक कायद्याच्या) खटल्यात पहिला प्रश्न येतो तो नेमका शब्द कुठला होता, आणि तो चारचौघांत उच्चारला का. एकदा एक बाई समोर बसल्या होत्या. तो शब्द स्वतःच्या तोंडून परत काढायला त्यांना जमेना. शेवटी त्यांनी कागद मागून घेतला, लिहिला आणि उलटा करून माझ्याकडे सरकवला. त्या दिवसापासून ‘वगैरे शिवीगाळ’ असं मी लिहीत नाही.

हे नवंही नाही. 1908 च्या खटल्यात टिळकांवर राजद्रोहाबरोबर 153-अ चाही आरोप होता, आणि ‘केसरी’तल्या मराठी शब्दांच्या इंग्रजी भाषांतरावरून ते स्वतः न्यायालयात भांडले होते.

*

दादा, अंगावर काटा आला वाचून. पण मग ‘हेट क्राइम’ला काय लिहू? ‘द्वेषगुन्हा’ कृत्रिम वाटतो. ‘द्वेषापोटी केलेला गुन्हा’ कसं वाटतं?

*

‘पोटी’ सुरेख आहे, बोलण्यातलं आहे. फक्त ते हेतू सांगतं, आणि हेतूपाशीच तर सगळं अडतं. खैरलांजी आठवा. 29 सप्टेंबर 2006 ला भंडारा जिल्ह्यात एका दलित कुटुंबातले चौघे मारले गेले. 2008 मध्ये खालच्या न्यायालयाने सहा जणांना फाशी सुनावली (2010 मध्ये उच्च न्यायालयाने ती 25 वर्षांच्या कारावासावर आणली), पण अ‍ॅट्रॉसिटी लागली नाही. खून सूडातून झाले, जातीवरून नव्हे, असं ठरलं. आपल्या रोजच्या मराठीत सांगायचं तर ‘पूर्ववैमनस्यातून हत्या’. या शब्दाने किती गोष्टी झाकल्या जातात बघा. वैमनस्य कोणाकोणात असतं, म्हणजे परत दोन्ही बाजू आल्याच.

त्या वेळी अ‍ॅट्रॉसिटी कायद्याच्या कलम 3(2)(v) चा अर्थ असा होता: व्यक्ती अनुसूचित जातीची किंवा जमातीची आहे ‘म्हणून’ गुन्हा केला. हे ‘म्हणून’ सिद्ध करायचं तर आरोपीच्या मनात शिरावं लागतं. 2015 च्या दुरुस्तीने (26 जानेवारी 2016 पासून लागू) तिथे ‘हे माहीत असताना’ असा अर्थ आणला. गावात कोणाची जात कोणाला माहीत नसते? शिवाय आरोपी त्या कुटुंबाला ओळखत होता हे दिसलं की, वेगळं सिद्ध होईपर्यंत न्यायालय त्याला जात माहीत होती असंच धरतं. एका शब्दाने ओझं या खांद्यावरून त्या खांद्यावर गेलं.

*

म्हणजे अ‍ॅट्रॉसिटीच्या भागात ‘द्वेषापोटी’ लिहिलं तर दुरुस्तीने काढलेलं ‘म्हणून’ मीच परत आत आणेन!

*

अगदी तेच. तिथे ‘माहीत असताना’च ठेवा. न्याय संहितेच्या कलम 103(2) मध्ये, म्हणजे पाच किंवा अधिक जणांनी मिळून वंश, जात, भाषा, जन्मस्थान अशा कारणावरून केलेल्या खुनात, ‘कारणावरून’ हवं, कारण तिथे कारण अजून सिद्ध करावं लागतं. ‘द्वेषापोटी’ शीर्षकात वापरा, कलमाच्या मजकुरात नको.

*

आज रात्रीच मसुदा बदलते. ‘तेढ’ अकरा ठिकाणी लिहिलं होतं. मोजून बघितलं, त्यातलं दोनच ठिकाणी राहील.