मदत हवी आहे: ४० लाखांच्या गृहकर्जाचा खरा खर्च कसा मोजायचा? (फोंडा)

म्हार्दोळची

नमस्कार मंडळी. थोडं लांब लिहितेय, पण आकडे दिल्याशिवाय कुणाला नीट सांगता येणार नाही.

आम्ही म्हार्दोळला भाड्याने राहतो, भाडं १४ हजार. नवरा कुंडईच्या औद्योगिक वसाहतीत आहे, मी फोंड्यात शिकवते. दोघांचे मिळून हातात ९२ हजार येतात. त्याचं वय ३८, माझं ३६, मुलगी दुसरीत. कुर्टीला एक फ्लॅट पसंत पडलाय, ५२ लाखांचा. इमारत जुनी नाही, ऑक्युपन्सी सर्टिफिकेट आहे, पहिला मालक विकतोय. १२ लाख आमचे, दस्ताचा खर्च वेगळा बाजूला ठेवलाय, उरलेल्या ४० लाखांचं कर्ज.

कर्ज देणाऱ्या एका संस्थेचा माणूस घरी येऊन गेला. दर ८.५ टक्के, फ्लोटिंग, म्हणजे पुढे बदलू शकणारा. २० वर्षांना हप्ता ३४,७१३ आणि ३० वर्षांना ३०,७५७. तो म्हणाला, महिन्याला चार हजार वाचतात, तीसच घ्या, शिवाय करही वाचेल. कर्जाच्या विम्याचे १ लाख २० हजार "लोनमध्येच घालून देतो, खिशातून काही जाणार नाही" हेही त्याचंच.

सासरे बाजूला बसले होते. त्यांची उभी हयात पतसंस्थेच्या हिशेबात गेली. त्यांनी तो कागद मागून घेतला, हप्ता गुणिले महिने केलं आणि म्हणाले, "अगो, ही दामदुप्पटीच्याही पलीकडे गेली." वीस वर्षांत ८३ लाख ३१ हजार भरायचे, तीस वर्षांत १ कोटी १० लाख ७२ हजार. त्या रात्री मला झोप लागली नाही. ५२ लाखांचं घर म्हणून आम्ही बघायला गेलो होतो.

मला समजून घ्यायचंय की ही बेरीज हाच खरा खर्च का? तिच्यात आणखी काय धरायला हवं? आणि मुदत किती घ्यावी? ३० ची घेऊन जमेल तसे जास्त भरले तर चालतं का? ओळखीतल्या प्रत्येकाने कर्ज काढलंय, पण विचारलं की सगळे फक्त हप्ताच सांगतात.

हिशेबनीस

ताई, सासऱ्यांची बेरीज बरोबर आहे. फक्त दामदुप्पटीचा नियम, म्हणजे व्याज मुद्दलापेक्षा जास्त मागता येत नाही हा, एका वेळी थकलेल्या व्याजाबद्दलचा होता, महिन्याच्या महिन्याला फेडलेल्या व्याजाची बेरीज त्यात धरत नाहीत. पण त्यांना जे खटकलं ते खटकण्यासारखंच आहे.

पहिला हप्ता उलगडून बघा. ४० लाखांवर ८.५ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज होतं २८,३३३. मुदत कितीही घ्या, पहिल्या महिन्यात हे तेवढंच राहणार. ३४,७१३ भरलेत तर मुद्दलातून ६,३८० जातात. ३०,७५७ भरलेत तर जातात फक्त २,४२४. म्हणजे जे चार हजार वाचतात असं तो माणूस म्हणतो, ते सगळेच्या सगळे मुद्दलाच्या वाट्याचे आहेत. व्याजातला एक रुपयाही वाचत नाही. म्हणून त्या चार हजारांच्या सवलतीसाठी शेवटी २७ लाख ४१ हजार जास्त व्याज जातं.

वीस वर्षांच्या कर्जातही सुरुवात फार सावकाश होते. पाच वर्षांत तुम्ही २० लाख ८३ हजार भरलेले असतील आणि बाकी असेल ३५ लाख २५ हजार. निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात. सहा-सात वर्षांनी घर विकून मोठं घेऊ असं मनात असेल तर हे आधीच माहीत असू द्या, नाहीतर बँकेकडून बाकीचा आकडा ऐकून धक्का बसतो.

आता तुमचा तिसरा प्रश्न. ३० वर्षांचं कर्ज घेऊन दरमहा ३४,७१३ च भरलेत तर ते वीस वर्षांतच फिटतं, कारण व्याज बाकीवर लागतं, कागदावरच्या मुदतीवर नाही. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरले म्हणून दंड लावायला रिझर्व्ह बँकेची मनाई आहे. मात्र जास्तीचे भरताना "मुदत कमी करा, हप्ता तोच ठेवा" असं लेखी द्या. नाहीतर हप्ता कमी करून देतात आणि सगळा फायदा पातळ होतो. वीसच्या कर्जावर वर्षाला एक हप्ता जास्त भरलात तरी ते १६ वर्षं ८ महिन्यांच्या आसपास संपतं आणि सव्वाआठ लाखांच्या घरात व्याज वाचतं.

तो विमा मात्र कर्जात घालू देऊ नका. १ लाख २० हजारांवर वीस वर्षं हेच व्याज चढलं की ते अडीच लाख होतात. नवऱ्याच्या आणि तुमच्या नावाने साधा टर्म विमा स्वतंत्र घ्या. कर्जासाठी त्यांच्याकडचाच विमा घेतला पाहिजे अशी सक्ती करता येत नाही.

करबचतीचं सांगायचं तर नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही. आणि त्याच पद्धतीत २०२५-२६ पासून १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर पगारदाराला कर पडत नाही. तुम्ही दोघं तुमच्या आकड्यांवरून त्याच्या बरेच खाली आहात. म्हणजे तुमच्या हिशेबात करबचतीचा रकाना शून्य धरा.

साखळीकर

बाय, वर हिशेबनीसांनी सांगितलंय ते पटतं, पण माझं ऐकून मग ठरव.

माझे दोन ट्रक खाणीवर होते. घराचं कर्जही होतं. व्याज डोळ्यांत खुपायचं, म्हणून हातात आलेला प्रत्येक पैसा मी कर्जात भरत गेलो. २०१२ च्या पावसाळ्यात हाताशी उरलेले तीन लाखही भरले, कर्ज बरंच उतरलं म्हणून मोकळा श्वास घेतला. त्याच वर्षी खाणी बंद झाल्या. ट्रक अंगणात उभे, ड्रायव्हर घरी, आणि हप्ता मात्र पाच तारखेला ठरलेला. तीन लाख मुद्दलात गेले होते, ते परत मागून मिळत नाहीत. मॅनेजर चांगला होता, पण त्याचेही हात बांधलेले. नव्वद दिवस हप्ता थकला की खातं बुडीत धरलं जातं. तेवढ्यासाठी बायकोच्या पाटल्या सोसायटीत ठेवल्या. पुढे खाणी सुरू झाल्या आणि २०१८ च्या मार्चमध्ये पुन्हा थांबल्या, तेव्हा माझ्याकडे आठ हप्ते वेगळे होते. त्या खेपेला घरात रडारड झाली नाही.

तुझे बारा लाख सगळेच्या सगळे फ्लॅटमध्ये जातायत असं दिसतं. मागे काय उरतं ते तू लिहिलं नाहीस.

म्हार्दोळची

काका, काहीच उरत नाही. मुलीच्या नावाचे साठ हजार आहेत, तेवढेच. हे लिहितानाच भीती वाटली.

डिचोलीची_शमा

माझं कर्ज २०२१ चं. तेव्हा दर ७ टक्क्यांच्या आसपास होते, रेपो (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो) ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो चढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ वर गेला. माझा हप्ता एक रुपयाने वाढला नाही, म्हणून मी निश्चिंत होते. दोन वर्षांनी सहज म्हणून स्टेटमेंट काढलं तर मुदत माझ्या निवृत्तीच्या पुढे गेलेली.

तुमच्या रकमेवर मांडून दाखवते. ४० लाख, ७ टक्के, वीस वर्षं, हप्ता ३१,०१२. दीड वर्षाने बाकी साधारण ३८ लाख ५५ हजार. तिथे दर ९ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर साडेअठरा वर्षांचं उरलेलं कर्ज तीस वर्षांचं होतं. दीड वर्ष भरून झाल्यावर पुढे तीस वर्षं! हे समजल्यावर मी बँकेत जाऊन हप्ता वाढवून घेतला आणि दागिने करायचे ठेवलेले पैसे मुद्दलात भरले.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने याबद्दल परिपत्रक काढलं. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हे कर्जदाराला विचारायला हवं आणि तीन महिन्यांनी मिळणाऱ्या स्टेटमेंटमध्ये किती हप्ते उरलेत ते दिसायला हवं. ते स्टेटमेंट वाचा. मी इतकी वर्षं फक्त "पैसे कापले" एवढा मेसेज बघत होते.

आणखी एक. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो ६.५ वरून ५.५ वर आला. म्हणून ८.५ हा दर अंतिम समजू नका, दोन-तीन ठिकाणी विचारा. तुम्हाला ८ टक्क्यांनी मिळालं तर वीस वर्षांत तीन लाख कमी जातात. आणि बँक आणि हाउसिंग फायनान्स कंपनी यांत फरक आहे. २०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांना नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या निर्देशकाला, बहुतेक ठिकाणी रेपोला, जोडावी लागतात. कंपन्यांना ते बंधन नाही, त्यामुळे दर उतरले तरी तुमच्यापर्यंत ते कधी पोचेल ते त्यांच्या हातात. तो घरी आलेला माणूस यातला कुठला, ते विचारा.

फोंड्याचा_वाचक

सही करण्याआधी "की फॅक्ट स्टेटमेंट" मागा. ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाला ते द्यावंच लागतं. त्यात प्रोसेसिंग फी, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन असे खर्च धरून वार्षिक दर काढलेला असतो आणि पूर्ण परतफेडीचा तक्ताही असतो. दोन संस्थांची तुलना त्या आकड्यावर करा, जाहिरातीतल्या दरावर नको. मुद्रांक आणि नोंदणीचे चालू दर मालमत्तेच्या किमतीच्या टप्प्यानुसार आहेत, ते उपनिबंधक कार्यालयातच विचारलेले बरे. तो खर्च कर्जात बसत नाही हे तुम्हाला ठाऊक दिसतं.

किंमत ५० लाखांच्या वर असल्याने मालकाला द्यायच्या रकमेतून १ टक्का, म्हणजे ५२ हजार, टीडीएस (मालकाच्या नावाने आधीच कापायचा कर) कापून तुम्हीच सरकारकडे भरायचा. मालक परदेशात स्थायिक असेल तर हा नियम वेगळा आणि कापणी बरीच मोठी, आपल्याकडे असे मालक पुष्कळ, म्हणून आधी विचारून घ्या. आणि विकणारा विवाहित असेल तर गोव्याच्या नागरी कायद्याप्रमाणे जोडीदाराचीही सही लागते. ती व्यक्ती बाहेरगावी असली तर मुखत्यारपत्राला वेळ जातो आणि बयाणा अडकून पडतो.

हिशेबनीस

साखळीकरकाकांचं मला आधीच लिहायला हवं होतं. ताई, आधी सहा हप्ते, म्हणजे दोन लाख आठ हजार, बाजूला हवेत. मुदतीआधी फेड त्यानंतर.

एक सुचवतो. घर घेण्याआधी सहा महिने हप्ता भरून बघा. ३४,७१३ मधून तुमचं भाडं १४ हजार वजा केलं की २०,७१३. सोसायटीच्या देखभालीचे दोन हजार धरा. पगार झाल्या दिवशी २२,७१३ वेगळ्या खात्यात टाका आणि उरलेल्यात घर चालवा. या सहा महिन्यांत चवथ किंवा शाळेची फी येऊ दे, म्हणजे खरं काय ते कळेल. जमलं तर वीस वर्षं घ्या आणि १ लाख ३६ हजार गाठीलाही लागलेले असतील. नाही जमलं तर फ्लॅट लहान बघा, पण तीस वर्षांकडे वळू नका. नवरा तेव्हा ६८ चा असेल.

म्हार्दोळची

सगळ्यांचे मनापासून आभार. शमाताई, तो माणूस हाउसिंग फायनान्स कंपनीचा निघाला, त्याला आज थांबायला सांगितलं. फोंड्यातल्या दोन बँकांकडे की फॅक्ट स्टेटमेंटसाठी अर्ज देतोय. मालक मडगावला राहतो, त्याची बायको इथेच आहे, सहीची अडचण नाही. सहा महिने थांबायला तो तयार आहे, मात्र पन्नास हजार बयाणा मागतोय. तो वकिलाला दाखवून, परताव्याची अट लिहून घेऊनच देणार.

सासऱ्यांना हे सगळं वाचून दाखवलं. त्यांनी जुन्या वहीत २४० ओळी आखायला घेतल्यात, प्रत्येक महिन्याचं व्याज आणि मुद्दल वेगळं लिहायला. काल रात्रीपर्यंत एकतीस ओळी झाल्या होत्या. आणि एक तारखेला आम्ही २२,७१३ बाजूला काढले.