जिथे वीतभर उंचीही जीवघेणी

विज्ञानकथांमधल्या भयंकर ग्रहांच्या यादीत 'इंटरस्टेलर' चित्रपटातला पाण्याचा ग्रह सगळ्यात भयंकर, असं एकाने म्हटलंय. तिथला एक तास म्हणजे पृथ्वीवरची सात वर्षं, आणि गुडघाभर पाण्यातून डोंगराएवढी लाट उठते. थिएटरात मलाही धडकी भरली होती. पण या यादीत मेस्क्लिन हवाच!

हॅल क्लेमेंटच्या 'मिशन ऑफ ग्रॅव्हिटी' (१९५३) या कादंबरीतला हा ग्रह. इतक्या वेगाने फिरतो की दिवस जेमतेम १८ मिनिटांचा, आणि त्यामुळे आकार पार चपटा झालेला. विषुववृत्तावर गुरुत्वाकर्षण पृथ्वीच्या तिप्पट, ध्रुवांवर मात्र सुमारे ७०० पट. मी गणित करून पाहिलं: ध्रुवावर वीतभर उंचीवरून पडलेली वस्तू ताशी जवळपास २०० किलोमीटर वेगाने आपटेल.

म्हणूनच मिथेनच्या समुद्रात तराफे हाकणारे तिथले गोमेसारखे खलाशी उंचीला प्रचंड घाबरतात. डोक्यावर काही जड असणं तर त्यांना कल्पनेतही सहन होत नाही. ही भीती लेखकाने उगाच चिकटवलेली नाही, ती थेट भौतिकशास्त्रातून आली आहे. क्लेमेंट शाळेत विज्ञान शिकवायचे, हे वाचताना सतत जाणवतं.

राक्षसी प्राण्यांनी भरलेले ग्रह कथांमध्ये पुष्कळ आहेत, ते मला फारसे भावत नाहीत. स्तानिस्लाव लेमच्या 'सोलारिस' कादंबरीतला विचार करणारा समुद्र मात्र वेगळा. तो माणसाच्या आठवणींतली माणसंच समोर उभी करतो. त्यावर स्वतंत्र धागा निघाला तर मी नक्की लिहीन.