मदत हवी आहे: रिपोर्टमधल्या ‘नॉर्मोसायटिक नॉर्मोक्रोमिक’चा नेमका अर्थ काय?

नमस्कार मंडळी, इंदूरहून लिहितेय. आईचा (वय ६७) सीबीसी (रक्तपेशींची तपासणी) केला, त्यात हिमोग्लोबिन १०.२ आलंय, एमसीव्ही (लाल पेशीचं सरासरी आकारमान) ८८ आणि खाली लिहिलंय की लाल पेशी नॉर्मोसायटिक नॉर्मोक्रोमिक. लॅबवाल्या मुलाला विचारलं तर म्हणाला “सेल्स नॉर्मल हैं आंटी, टेंशन मत लो”, तेव्हापासून आई ‘माझं रक्त छान आहे’ म्हणून डॉक्टरकडे जायलाच तयार नाही.

मी वाचलं त्यावरून नॉर्मोसायटिक म्हणजे पेशीचा आकार ठीक (एमसीव्ही ८० ते १०० च्या मधे) आणि नॉर्मोक्रोमिक म्हणजे रंग ठीक, मतलब प्रत्येक पेशीत हिमोग्लोबिन पुरेसं. लोह कमी असलं की पेशी सहसा लहान नि फिक्या होतात, बी१२ कमी असलं की मोठ्या, इथपर्यंत कळलं. पण बायकांमधे १२ च्या खाली म्हणजे अ‍ॅनिमियाच ना, मग पेशी ‘नॉर्मल’ कशा?

डायबिटीस १५ वर्षं आहे, क्रिएटिनिन (किडनीसाठीची रक्ततपासणी) अजून केलं नाहीये, लोहाच्या गोळ्या चालू नाहीत. गुरुवारची अपॉइंटमेंट घेऊन ठेवलीय, म्हणून औषध विचारत नाहीये, कृपया सुचवू पण नका.

फक्त एवढं सांगा, पॅथॉलॉजीतलं कुणी असेल तर फारच बरं: हा शब्द फक्त पेशीच्या आकार-रंगाबद्दल असतो की पेशी निरोगी आणि पुरेशा आहेत असाही अर्थ निघतो? आणि आईला पटेल असा साधा मराठी शब्द काय वापरू?