मदत हवी आहे : शॉर्टफिल्ममध्ये काळ्या पट्ट्या सरकताहेत, रविवारी पाठवायची आहे

वाघूरकाठचा : अर्जंट आहे. सहा मिनिटांची फिल्म, सगळी भुसावळच्या घरात. बाई पहाटे उठते, कळण्याच्या भाकरी थापते, नवऱ्याचा डबा भरते. नवरा संध्याकाळी डबा परत आणतो तो भरलेलाच, आणि भाकरीतून वाफ निघते. रोज. कोणी काही बोलत नाही. सगळं जमलंय, पण भिंतीवरून काळ्या पट्ट्या वर सरकतात. कशा घालवू?

टेकू : कॅमेरा? फ्रेमरेट, म्हणजे सेकंदाला फ्रेम किती? शटर, म्हणजे एका फ्रेमला उजेड किती वेळ?

वाघूरकाठचा : मोबाईल. जे होतं तेच.

तापी_एक्स्प्रेस : घालवता कशाला? भुताटकी फुकटात मिळतेय!

वाघूरकाठचा : भूत नाहीये हो त्यात. सगळं नेहमीसारखं दिसलं तरच तो डबा खुपतो.

टेकू : स्वयंपाकघरात ट्यूबलाईट आहे का? हे आधी सांगायचं ना.

वाघूरकाठचा : आहे. जुनी, चोकवाली. ट्यूब तर सगळ्यांकडेच असते.

टेकू : मग तेच. आपली वीज 50 हर्ट्‌झची, ट्यूब सेकंदाला 100 वेळा मिचमिचते. मोबाईल 30 फ्रेम आणि 1/60 शटरवर असणार, त्यांचा मेळ बसत नाही. मॅन्युअल मोडचं ॲप घ्या, 25 फ्रेम, शटर 1/50 लॉक करा.

वायरमन_दादा : एवढं कशाला? इलेक्ट्रॉनिक चोक बसवा, काम खल्लास.

टेकू : आणि चोक बदलल्यावर उजेडाचा रंग फिरला तर? अर्धे शॉट आधीच झालेत त्यांचे.

वायरमन_दादा : वीस वर्षं चोक बदलतोय भाऊ. ट्यूब तीच, रंग कसा फिरेल?

जुनाजाणता : सेन्सॉरचं प्रमाणपत्र काढलं का?

वाघूरकाठचा : काका, पट्ट्यांचं विचारलंय.

माहेर_यावल : कळण्यात उडीद किती घालता? आमच्याकडे ज्वारी चार वाट्या, उडीद एक.

तापी_एक्स्प्रेस : एक? मग ती ज्वारीचीच भाकरी झाली ताई. सोबत ठेचा तरी आहे ना फिल्ममध्ये?

टेकू : धागा कशाचा आहे? 1/50 करून पाहिलं का?

वाघूरकाठचा : पाहिलं. पट्ट्या गेल्या, थँक्यू. पण जुने शॉट सगळे बाद. त्यातली बाई म्हणजे आमची आई. ती म्हणते, चौदा वेळा थापल्या, आता पीठ तू दळून आण. गिरणी उद्या बंद आहे. कोणाकडे घरघंटी आहे का, भुसावळात?