‘नॅचरॅलिस्ट’ला मराठीत काय म्हणायचं?

गवती माळ:
बुफाँ, हम्बोल्ट, वॉलेस या जुन्या युरोपीय निसर्ग-अभ्यासकांवरच्या पुस्तकांची ओळख करून देणारा लेख इथल्या सोलापूरच्या वाचक मंडळाच्या अंकासाठी लिहितोय. ‘नॅचरॅलिस्ट’साठी मी ‘निसर्ग-अभ्यासक’ लिहिलं, तपासणाऱ्यांनी सगळीकडे ‘निसर्गवादी’ केलं. मला ते पटत नाही. निसर्गवाद म्हटलं की साहित्यातला तो पंथ, फ्रेंच लेखक झोलाच्या कादंबऱ्या आठवतात. वॉलेस १८५४ ते १८६२ मलाय बेटांवर हिंडला, सव्वा लाख नमुने जमवले. त्यात ‘वाद’ कुठला? तुम्ही कोणता शब्द वापरता?

चाटी गल्ली:
निसर्गतज्ज्ञ. पेपरात रोज येतो, सगळ्यांना कळतो.

गवती माळ:
तज्ज्ञ एका विषयाचा असतो हो. बुफाँनं १७४९पासून खंडामागून खंड काढले. पृथ्वीची उत्पत्ती, माणूस, घोडा, पक्षी, खनिजं, सगळं आलं त्यात.

जुनी पोथी:
‘सृष्टिशास्त्रज्ञ’ घ्या. १९२८ साली ‘सृष्टिज्ञान’ मासिक निघालं तेव्हा ‘सृष्टी’ कुणाला जड गेली नव्हती. आणि ‘नॅचरल हिस्टरी’चा ‘नैसर्गिक इतिहास’ कृपा करून करू नका. ग्रीक ‘हिस्तोरिया’ म्हणजे चौकशी, शोध घेऊन मिळवलेली माहिती. रोमन लेखक प्लिनीच्या ‘नॅचरल हिस्टरी’च्या ३७ भागांत सरलेल्या काळाची हकिकत नाही, जगात काय काय आहे त्याची नोंद आहे. आपला इतिहास ‘इति ह आस’, असं असं घडलं. दोन्हींचं गोत्रच वेगळं.

चाटी गल्ली:
असेल. पण सृष्टिशास्त्रज्ञ आज बोलतं कोण? १८८३ची बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी घ्या, मराठी माणूस सरळ ‘बीएनएचएस’ म्हणतो. ‘नॅचरॅलिस्ट’च ठेवा.

नान्नज रस्ता:
लहानपणी आमच्या शेतात मेंढरं बसवायला एक धनगरमामा यायचे. एकदा माळावर कळप थांबवून त्यांनी खुराच्या ठशातलं चंडोलाचं घरटं दाखवलं. आत ठिपक्याठिपक्यांची दोन अंडी. मग मेंढरं बाजूनं वळवली. आजोबा त्यांना ‘माळाचा जाणता’ म्हणायचे. ‘निसर्गजाणता’ का नको?

जुनी पोथी:
जाणतेपणाबद्दल आदर आहे, पण जो पाहिलेलं लिहून ठेवतो, नमुन्याशी ताडून बघतो, तो नॅचरॅलिस्ट. आपल्या सोलापूरचे मारुती चितमपल्ली वनखात्यात राहून रान हिंडले आणि ‘पक्षीकोश’ही रचला.

नान्नज रस्ता:
नोंद काय कागदावरच होते? आपल्या माळावरच्या मोठ्या पक्ष्याचं ‘माळढोक’ हे नावच नोंद आहे. माळावरचा ढोक. कुणीतरी नीट बघूनच ठेवलं असणार.

चाटी गल्ली:
ढोक पाण्याकाठचा, बगळ्याच्या गोतातला. माळढोकाचा त्या कुळाशी संबंध नाही. माझ्या मते नाव आवाजावरून आलं. नराचं घुमणं लांबवर ऐकू येतं, आणि उत्तरेतलं ‘हुकना’ हे नाव आवाजावरूनच पडलंय.

नान्नज रस्ता:
नाव देणाऱ्यानं कूळ कशाला बघितलं असेल? लांब मान, उंच पाय, झाला ढोक. शहराच्या पूर्व भागातल्या तेलुगू मंडळींनी घरच्या वडीलधाऱ्यांना विचारून माळढोकाचं तेलुगू नाव सांगा, अक्कलकोटकडच्यांनी कानडी. तिथं दिसण्यावरून आहे की आवाजावरून, ते बघू.