भाडेकरू तयार होता, गोळी मालकाने झाडली: केंटकीच्या डोंगरात अब्रू नेमकी कोणाची?

उंबरकर (धागाकर्ता)

२० सप्टेंबर १९६७. पूर्व केंटकीतली लेचर काउंटी, जेरेमाया नावाचं खेडं. ह्यू ओकॉनर हा कॅनडाचा चित्रपटकार आपल्या माणसांबरोबर तिथून चालला होता. पुढच्या वर्षी सॅन अँटोनियोला जागतिक प्रदर्शन भरणार होतं, त्यासाठी अमेरिकेतल्या लोकजीवनावर फिल्म करायचं काम त्याच्याकडे होतं. रस्त्याकडेच्या एका भाड्याच्या खोपटाच्या ओसरीवर खाणकामगार बसलेला दिसला, नुकताच कामावरून आलेला, अंगभर कोळशाची काजळी. शूटिंग करू का, असं विचारल्यावर तो हो म्हणाला. काम आटपत आलं तेवढ्यात त्या घरांचा मालक होबार्ट आयसन पिस्तूल घेऊन हजर. माझ्या जागेतून चालते व्हा! मंडळी सामान उचलून निघालीही होती. तरी त्याने गोळ्या झाडल्या. ओकॉनरच्या छातीत गोळी लागली आणि तो तिथेच गेला.

लेचरमध्ये खटला चालवणं कठीण म्हणून तो शेजारच्या हार्लनला हलवला. तिथे ज्यूरीचं एकमत झालं नाही. दुसऱ्या खटल्याच्या तोंडावर, १९६९ मध्ये, आयसनने सदोष मनुष्यवध कबूल केला. शिक्षा दहा वर्षांची झाली आणि एका वर्षात तो पॅरोलवर बाहेर आला. गावातल्या कित्येकांची सहानुभूती त्याला होती. बाहेरचे येतात आणि आमची लक्तरं जगाला दाखवतात, हा त्यांचा सूर.

'डोंगरी माणसाचा स्वाभिमान' म्हणून ही गोष्ट अजून सांगितली जाते, आणि तिथेच माझा आक्षेप आहे. ज्याची गरिबी चित्रित होत होती त्याची काही हरकत नव्हती. भडकला तो घरमालक. त्या खोपटांची कळा जगाने पाहिली तर मान कोणी खाली घालायची, राहणाऱ्याने की भाडं घेणाऱ्याने? ग्रामीण अमेरिकेत गरिबांच्या नावावर मिरवलेला स्वाभिमान बहुतेक वेळा वरच्यांच्या सोयीचा होता. 'आम्ही कोणापुढे हात पसरत नाही' असं गरीब म्हणत राहिला की खाणकंपनी, जमीनदार आणि काउंटीचे पुढारी, तिघेही निवांत. बोला.

डोंगरयात्री

सहमत नाही. गोष्ट नेटकी सांगितलीत, पण सुरुवात १९६७ पासून केलीत तिथेच गोम आहे.

जानेवारी १९६४ मध्ये लिंडन जॉन्सननी 'गरिबीविरुद्ध युद्ध' पुकारलं आणि २४ एप्रिलला ते स्वतः केंटकीतल्याच आयनेझला टॉम फ्लेचरच्या ओसरीवर जाऊन बसले. फ्लेचर लाकूडगिरणीतला बेकार कामगार. पदरात आठ मुलं आणि आदल्या वर्षाची कमाई ४०० डॉलर. तो फोटो जगभर गेला. राष्ट्राध्यक्ष निघून गेले, फ्लेचर मात्र त्या फोटोतून कधी सुटलाच नाही. जरा वर्षं उलटली की नवा वार्ताहर दारात: काय हो, युद्ध जिंकलं का?

पुढच्या तीन वर्षांत टीव्हीवाले, कॉलेजची स्वयंसेवक पोरं, वॉशिंग्टनचे साहेब, सगळ्यांची त्या दऱ्याखोऱ्यांत रीघ लागली. कॅमेरा नेमका मोडक्या पायरीवर आणि अनवाणी पोरावर. शेजारचं रंग दिलेलं घर, घेवड्याचे वेल, शाळेतली बाई, हे सगळं चौकटीबाहेर. खून तो खूनच, आयसनचं समर्थन मी करत नाही. पण गावाचा संताप मालकांनी शिकवलेला नव्हता. ज्यांच्या दारात कॅमेरा कधी आलाच नाही तेही चिडले होते, कारण 'केंटकीचा डोंगरी' म्हटलं की आता त्यांच्याकडेही त्याच नजरेने पाहिलं जाणार होतं.

पेंद्या

पॉपकॉर्न घेऊन बसलोय. एकच शंका: भाडेकरूचा 'हो' एवढा मोकळा होता का? घर मालकाचं, समोर शहरी पाहुणे. तिथे नाही म्हणणं तरी सोपं होतं का?

उंबरकर (धागाकर्ता)

@डोंगरयात्री, संताप खरा होता हे मान्य. तो वळला कुणीकडे ते बघा. १९०० च्या आगेमागे दलाल खोऱ्याखोऱ्यांतून फिरले आणि जमिनीखालच्या खनिजाचे हक्क लिहून घेऊन गेले, कुठे कुठे तर एकरी अर्ध्या डॉलरला. सही येत नसेल तर फुली चालायची. त्या कागदांच्या जोरावर साठ वर्षांनी कंपन्या बुलडोझर घेऊन आल्या आणि डोंगर वरून सोलायला लागल्या. घर, मळा, कबरस्तान काही बघितलं नाही. केंटकीच्या मतदारांनी राज्यघटनाच दुरुस्त करून हा प्रकार आवरला तो १९८८ मध्ये, ८० टक्क्यांहून जास्त मतांनी. मधली सगळी वर्षं 'बाहेरचे' म्हणजे कोण? कॅमेरावाला. कोळसा नेणारा मात्र रोजगार देणारा!

@पेंद्या, शंका रास्त आहे. पण तसं धरलं तर गरिबाचा कुठलाच होकार खरा मानता येणार नाही, आणि मग त्याच्या वतीने बोलायला पुन्हा मालकच मोकळा.

कोयनाकाठ

माझी मामी डॉक्टर. ऐंशीच्या दशकात दक्षिण वेस्ट व्हर्जिनियातल्या एका खाणगावात दवाखान्यात होती. त्या भागात तेव्हा भारतीय डॉक्टर बरेच होते, कारण शहरातले अमेरिकन डॉक्टर तिकडे जायला राजी नसत. ती सांगते, औषधाची फुकट सँपल्स दिली तर म्हातारे अवघडायचे. पुढच्या खेपेला टोमॅटो, मक्याची कणसं, घरचा मुरंबा काहीतरी घेऊनच यायचे. फेडल्याशिवाय त्यांना चैन पडत नसे.

आणि हीच माणसं 'काळ्या फुफ्फुसाच्या' (कोळशाच्या धुळीने खाणकामगारांना होणाऱ्या आजाराच्या) भरपाईसाठी वर्षानुवर्षं कागद घेऊन भांडायची. तिथे संकोच नाही, डोळ्याला डोळा भिडवून बोलणं. कारण ती भीक नव्हती, छातीत साठलेल्या धुळीचा मोबदला होता. नोव्हेंबर १९६८ मध्ये फार्मिंग्टनच्या खाणीत स्फोट होऊन ७८ जण गेले. तीनच महिन्यांत वेस्ट व्हर्जिनियातले हजारो कामगार, युनियनच्या नेत्यांना न विचारता, याच आजारासाठी संपावर गेले. १९६९ च्या अखेरीस देशपातळीवर खाणसुरक्षेचा कायदा झाला आणि भरपाईही त्यातच आली. उंबरकर, हा स्वाभिमान कोणत्या मालकाच्या सोयीचा होता?

नांगरट

कोयनाकाठ यांना अनुमोदन. केंटकी सोडून जरा सपाटीवर या. १९३० च्या दशकाच्या सुरुवातीला आयोवा, नेब्रास्का भागात कर्ज थकलं की बँक शेत, गुरं, नांगर लिलावात काढायची. शेजारपाजारचे शेतकरी जमायचे आणि बोली लावायचे काही सेंटांची. गाय दहा सेंट, घोडा पाच सेंट. बाहेरचा कोणी जास्त बोलायला लागला तर त्याच्या भोवती चार धिप्पाड गडी जाऊन उभे राहायचे. कुठे कुठे खळ्याच्या दाराला फासाची दोरीही लटकत असायची. लिलाव आटपला की सगळी चीजवस्तू मूळ मालकाला परत! एप्रिल १९३३ मध्ये आयोवातल्या ल मार्सला तर जप्तीचे खटले चालवणाऱ्या न्यायाधीशालाच कोर्टातून ओढून नेलं आणि गळ्यात दोर अडकवला. जिवंत सोडलं, पण राज्याला तिथे सैनिक पाठवावे लागले.

हे काय सोशिक 'हात पसरत नाही' वाले लोक होते?

काळी माती

नांगरट, भारी किस्सा. पण ते जमीनवाले होते हो. ज्याच्या नावावर गायही नाही त्याने कशाचा लिलाव वाचवायचा?

दक्षिणेतल्या कापूसपट्ट्यात या. जमीन मालकाची, बी-खत आणि खायला पीठ-डुकराची चरबी मालकाच्या दुकानातून उधार, पीक आलं की निम्मं मालकाचं आणि उरलेल्यातून उधारी वळती. हिशेबाची वही मालकाकडे, आणि काळ्या वाटेकऱ्याने त्या वहीबद्दल प्रश्न विचारणं म्हणजे जिवाशी खेळ. १९३३ मध्ये सरकारने भाव सावरायला कापूस कमी पेरण्याबद्दल पैसे दिले. पैसे मालकाच्या हातात, आणि पेरा कमी झाल्यावर वाटेकरी रस्त्यावर. १९३५ चा सोशल सिक्युरिटी कायदा आला तर त्यातून शेतमजूर आणि घरकाम करणारे वगळलेले. दक्षिणेतल्या काळ्या कष्टकऱ्यांपैकी बहुतेक जण याच दोन कामांत होते. मदत नाकारण्याचा ताठा दाखवायला आधी कोणी मदत देऊ तर करावी लागते!

तरीही जुलै १९३४ मध्ये आर्कान्सॉच्या टायरोन्झा गावात काळे आणि गोरे वाटेकरी एका खोलीत बसले आणि त्यांनी दोघांची मिळून एक युनियन काढली. त्या काळात, त्या जागी. सभांवर हल्ले झाले, लोकांना घराबाहेर काढलं. स्वाभिमान म्हणायचा तर मी याला म्हणेन. 'अमेरिकन ग्रामीण गरीब' म्हटलं की गोरा चेहराच डोळ्यांपुढे येतो, ही या धाग्याचीही खोड आहे. हार्लन काउंटीतल्या लिंच गावात अलाबामाहून आणलेले काळे खाणकामगार होतेच की. पन्नासच्या दशकात यंत्रं आल्यावर पहिली कुऱ्हाड त्यांच्यावर पडली. त्यांच्या ओसरीवर राष्ट्राध्यक्ष गेले नाहीत.

शेंगदाणा चटणी

आमच्याकडे ७२ च्या दुष्काळात अमेरिकेची लाल मिलो ज्वारी रेशनवर आली होती. आजी म्हणायची, खडी फोडायला जाताना लाज वाटली नाही, घामाचे पैसे होते. सुकडीच्या रांगेत मात्र पदर पुढे ओढून उभी राहायचे. माणूस सगळीकडे सारखाच.

डोंगरयात्री

@शेंगदाणा चटणी, नेमकं हेच रूझवेल्टच्या लोकांनी ओळखलं होतं. तीसच्या दशकात बेकार पोरांना नुसता बेकारभत्ता न देता जंगलात झाडं लावायला, रस्ते करायला पाठवलं. पगार महिना ३० डॉलर, त्यातले २५ च्या आसपास थेट घरी. आईबापांना ती पोराची कमाई होती. नंतरच्या फूड स्टॅम्पचं, म्हणजे धान्य-किराणा घ्यायच्या सरकारी कुपनांचं बघा. १९६१ मध्ये वेस्ट व्हर्जिनियाच्या मॅकडॉवेल काउंटीतून नव्याने सुरुवात झाली तेव्हा स्टॅम्प फुकट नव्हते. आपले पैसे भरायचे, त्याहून जास्त किमतीचे स्टॅम्प घ्यायचे. १९७७ च्या कायद्याने ही अट काढली.

उंबरकर (धागाकर्ता)

आणि ती अट होती तोवर ज्यांच्याकडे महिन्याच्या सुरुवातीला भरायला रोख नसायची ते सर्वांत गरीब बाहेरच राहिले! मानही राखला आणि भुकेलेलंही ठेवलं. हे उदाहरण माझ्या बाजूचं आहे, डोंगरयात्री. सरकारी आकड्यांप्रमाणे १९६४ मध्ये १९ टक्के अमेरिकन गरीब होते, १९७३ मध्ये ११ टक्के. वाढती अर्थव्यवस्था होती हे कबूल, पण त्यात अशा 'लाजिरवाण्या' योजनांचा वाटा मोठा आहे.

काळी माती, टायरोन्झाचं मान्य. कोयनाकाठ, संपाचंही मान्य. पण तुम्ही दोघं सांगताय ती माणसं मागायला उभी राहिली होती. मी बोलतोय तो ताठा न मागण्याचा. गल्लत नको.

रानजाई

कॅमेऱ्यावर सगळे तुटून पडले म्हणून लिहिते. नोव्हेंबर १९६५, केंटकीचीच नॉट काउंटी. ओली कोम्ब्स, वय ६१, विधवा. घरावरच्या डोंगराला बुलडोझर भिडला तेव्हा ही बाई जाऊन त्याच्यापुढे बसली. शेरीफच्या माणसांनी हातपाय धरून उचलून नेली. थँक्सगिव्हिंगचं जेवण तिने तुरुंगात केलं. हे घडताना तिथे एका वर्तमानपत्राचा छायाचित्रकार हजर होता. उचलून नेतानाचा तो फोटो छापून आला, राज्यभर ओरड झाली आणि १९६६ मध्ये केंटकीत उघड्या खाणींवर पूर्वीपेक्षा कडक कायदा आला. कॅमेरा नसता तर एक म्हातारी एक रात्र कोठडीत, एवढीच नोंद राहिली असती.

आणि ओकॉनरच्या खुनानंतर दोनच वर्षांनी, १९६९ मध्ये, त्याच लेचर काउंटीत व्हाइट्सबर्गला गरिबीविरोधी युद्धाच्याच पैशांतून तरुणांसाठी फिल्म कार्यशाळा निघाली. तिचं नाव पुढे ॲपलशॉप झालं. तिथल्या पोरांनी आपल्याच आज्या, खाणी, गाणी, डुक्कर कापण्याचा दिवस, सगळं चित्रित केलं. जेरेमायाच्या खुनावर २००० साली सविस्तर माहितीपट केला तोही तिथल्याच, काउंटीत वाढलेल्या बाईने. २०२२ च्या पुरात त्यांच्या संग्रहात पाणी शिरलं आणि बरंच नुकसान झालं. कॅमेरा कोणाच्या हातात, हा प्रश्न मला धाग्याच्या मथळ्यापेक्षा महत्त्वाचा वाटतो.

पेंद्या

आता कळलं, ओकॉनर चुकीच्या वर्षी गेला.

डोंगरयात्री

@पेंद्या, ही गंमत करायची जागा नव्हे.

@उंबरकर, रानजाईंच्या प्रतिसादानंतर तर तुमचा मुद्दा आणखी लंगडा पडतो. कोम्ब्सबाई पैसे मागत नव्हत्या, मदत मागत नव्हत्या. माझ्या डोंगराला हात लावू नका, एवढंच. म्हणजे तुम्ही ज्याला न मागण्याचा ताठा म्हणता तोच, आणि तो थेट कंपनीच्या आडवा आला. शिवाय लेचर-हार्लनचे लोक काही घरमालक नव्हते. तरी आयसनला फाशी तर सोडाच, वर्षभराच्या वर तुरुंगही झाला नाही. ज्यूरीतली साधी माणसं त्याच्या बाजूने झुकली ती कोणाच्या सोयीसाठी?

कोयनाकाठ

डोंगरयात्री, ज्यूरी झुकली हे कुठून आणलंत? हार्लनला बारापैकी अकरा जण त्याला दोषी धरायला तयार होते. एकटा अडून बसला म्हणून एकमत झालं नाही.

डोंगरयात्री

आणि तरीही तडजोड झाली, दुसरा खटला उभाच राहिला नाही. अकरा जणांच्या मताला सरकारी वकिलाने किती किंमत दिली ते दिसतंच आहे.

उंबरकर (धागाकर्ता)

मग ठरलं तर. अकरा कोण आणि तो एक कोण, यावर आता वाद घालू. हार्लनचे अकरा सामान्य लोक ओसरीवरच्या पाहुण्याच्या बाजूने उभे राहिले, हे तुम्हाला डोंगरी स्वाभिमानात धरायचं नाही का?